परभणी ताम्रपट आणि चालुक्य तिसरा अरिकेसरी याची राजवट : एक परिचय

प्रस्तावना

प्राचीन दख्खनच्या इतिहासात बादामी, कल्याणी आणि वेंगी येथील चालुक्य घराणी सर्वपरिचित आहेत. त्यांच्याच नावाचे आणखी एक घराणे गोदावरीच्या दक्षिणेस वेमुलवाडा येथून राज्य करीत होते. हे स्थान आज तेलंगणातील राजन्ना सिरसिल्ला जिल्ह्यात आहे. राष्ट्रकूट सम्राटांचे सामंत म्हणून वावरलेल्या या घराण्याचा उल्लेख महाविद्यालयीन पाठ्यपुस्तकांत क्वचितच एखाद्या ओळीपलीकडे जातो. मात्र या घराण्यातील तिसरा अरिकेसरी या राजाच्या काळाविषयीचे प्रमुख साधन ज्या ताम्रपटातून मिळते, तो ताम्रपट अभ्यासकांमध्ये ‘परभणी ताम्रपट’ या नावाने ओळखला जातो. शके ८८८ म्हणजे इसवी सन ९६६ मधील हा संस्कृत लेख भारत इतिहास संशोधक मंडळाच्या त्रैमासिकातून प्रसिद्ध झाला. पुढे नाथूराम प्रेमी, कृष्णकांत हंदिकी आणि नेलटूरि वेंकटरमणय्या या विद्वानांनी त्याचा आपापल्या ग्रंथांत उपयोग केला.

एखाद्या राजाचा इतिहास मुख्यत्वे एकाच दानपत्रावर उभा असेल, तर त्या आधारे काय म्हणता येते आणि काय म्हणता येत नाही, हा प्रश्न प्रस्तुत लेखाच्या केंद्रस्थानी आहे. परभणी ताम्रपटात तीन वेगवेगळ्या स्वरूपाची माहिती एकत्र आली आहे : काळ व सत्तासंबंधांची नोंद, पूर्वजांची स्तुती आणि प्रत्यक्ष दानाचा करार. या तिन्हींची विश्वसनीयता सारखी नाही. ती वेगळी करून पाहिल्यास या राजवटीचे लहान, परंतु भक्कम चित्र हाती येते.

ताम्रपटाचा काळ आणि त्याची पडताळणी

ताम्रपटात शके ८८८, क्षय संवत्सर, वैशाख पौर्णिमा असा कालनिर्देश आहे. सार्वभौम म्हणून राष्ट्रकूट सम्राट तिसरा कृष्ण याचा उल्लेख असून अरिकेसरी स्वतःला त्याच्या चरणकमलांचा आश्रित म्हणवतो. तिसऱ्या कृष्णाची कारकीर्द इसवी सन ९३९ ते ९६७ अशी मानली जाते. म्हणजेच हे दान त्या सम्राटाच्या कारकिर्दीच्या अगदी अखेरच्या टप्प्यातील आहे.

या कालनिर्देशाची पडताळणी दोन स्वतंत्र साधनांनी करता येते. पहिले साधन म्हणजे सातारा जिल्ह्यातील कऱ्हाड येथे मिळालेला तिसऱ्या कृष्णाचा ताम्रपट. तो शके ८८०, कालयुक्त संवत्सर, फाल्गुन वद्य त्रयोदशी, म्हणजे ९ मार्च ९५९ या दिवसाचा असून दक्षिणेकडील विजयानंतर मेलपाटी येथील छावणीतून दिलेला आहे. हे मेलपाटी म्हणजे तामिळनाडूतील मेलपाडी होय. दुसरे साधन म्हणजे जैन आचार्य सोमदेवसूरी यांच्या ‘यशस्तिलक’ या चंपूकाव्याची समाप्ती. ते काव्य शके ८८१, सिद्धार्थी संवत्सर, चैत्रातील मदनत्रयोदशीस पूर्ण झाले आणि त्या वेळीही कृष्णराज मेलपाटीस होता, असे कवी नोंदवतो. कऱ्हाड ताम्रपट आणि काव्यसमाप्ती यांत केवळ पंधरवड्याच्या सुमाराचे अंतर आहे. एक सरकारी दानपत्र आणि एक साहित्यकृती, दोन्ही एकमेकांपासून दूर घडलेली, सम्राटाला एकाच काळी एकाच ठिकाणी दाखवतात.

साठ संवत्सरांच्या चक्रात कालयुक्त बावन्नावे, सिद्धार्थी त्रेपन्नावे आणि क्षय हे साठावे संवत्सर आहे. शके ८८१ ला सिद्धार्थी असेल तर सात वर्षांनी, शके ८८८ ला, क्षय संवत्सरच आले पाहिजे. आणि परभणी ताम्रपटात तेच दिले आहे. शकवर्ष आणि संवत्सर यांचा असा मेळ बसत असल्याने ताम्रपटाचे वर्ष निश्चित मानण्यास अडचण राहत नाही.

वंशावळ : स्तुती आणि पुरावा

ताम्रपटाचा आरंभीचा भाग पद्यात असून त्यात राजाच्या पूर्वजांची प्रशस्ती आहे. चालुक्यांचा वंश सूर्यापासून उत्पन्न झाल्याचे येथे सांगितले आहे. बादामीचे चालुक्य स्वतःला मानव्य गोत्राचे व हारितीपुत्र म्हणवीत, तर कल्याणी आणि वेंगीचे चालुक्य पुढे चंद्रवंशाशी नाते सांगू लागले. एकाच कुलनामाच्या शाखांनी वेगवेगळी दैवी उत्पत्ती सांगावी, यावरून अशा वर्णनांचा हेतू प्रतिष्ठा मिळविण्याचा होता, इतिहास नोंदविण्याचा नव्हता, हे स्पष्ट होते.

वंशाचा आद्यपुरुष युद्धमल्ल हा सपादलक्ष, म्हणजे ‘सव्वा लाख’ या नावाच्या प्रदेशाचा अधिपती होता आणि पोदन येथे तो आपल्या मत्त हत्तींना तेलाच्या विहिरीत स्नान घालीत असे, असे ताम्रपट सांगतो. पोदन म्हणजे तेलंगणाच्या निजामाबाद जिल्ह्यातील, महाराष्ट्राच्या सीमेलगतचे बोधन होय. तेलाने भरलेल्या विहिरीची कथा शब्दशः घेण्याचे कारण नाही. तरीही त्या अतिशयोक्तीत एक उपयुक्त माहिती दडलेली आहे : या घराण्याची आरंभीची सत्ता वेमुलवाड्याला नसून बोधनच्या परिसरात होती, अशी स्मृती दोनशे वर्षांनंतरही राजदरबारात जपली गेली होती.

या वंशावळीला दुसरा आधार कन्नड साहित्यातून मिळतो. दुसऱ्या अरिकेसरीच्या दरबारातील महाकवी पंप याने इसवी सन ९४१ च्या सुमारास ‘विक्रमार्जुन विजय’ हे महाकाव्य रचले. महाभारतातील अर्जुनाच्या रूपाने आपल्या आश्रयदात्याचे चित्रण करताना पंपाने त्याच्या पूर्वजांचीही हकिकत दिली आहे. बेचाळीस युद्धे जिंकलेला आणि वेंगीच्या भीमाला पकडणारा बद्देग, उत्तरेच्या स्वारीत गुर्जर राजा महीपाल याला पळवून लावणारा नरसिंह, अशी वर्णने त्यात येतात. कवीने आश्रयदात्याच्या पित्याची स्तुती केली, एवढ्यावरून हा विजय खरा मानता येणार नाही. परंतु राष्ट्रकूट सम्राट तिसरा इंद्र याने कनोजवर केलेल्या स्वारीचा निर्देश इसवी सन ९३० च्या खंबायत ताम्रपटातही आहे. सम्राटाच्या स्वारीत त्याचा सामंत सहभागी होता, इतका भाग त्यामुळे ग्राह्य ठरतो. विजयाचे सारे श्रेय सामंताला देणे, हा कवीचा अधिकार होय.

बिरुदांच्या बाबतीत अधिक सावधगिरी आवश्यक आहे. परभणी ताम्रपटात तिसऱ्या अरिकेसरीला विक्रमार्जुन, गुणार्णव, उदात्तनारायण, सामंतचूडामणी अशी अनेक बिरुदे लावली आहेत. वाचकाला प्रथमदर्शनी तो मोठा पराक्रमी राजा वाटतो. मात्र हीच बिरुदे पंपाच्या काव्यात त्याच्या आजोबांना, म्हणजे दुसऱ्या अरिकेसरीला, लावलेली आढळतात. नातवाला आजोबांचे नाव मिळाले आणि नावासोबत बिरुदेही मिळाली. त्यांच्यावरून या राजाच्या स्वतःच्या एकाही लढाईचा बोध होत नाही. वारशाने आलेली विशेषणे कर्तृत्वाचा पुरावा म्हणून वापरणे, ही स्थानिक इतिहासलेखनात वारंवार दिसणारी उणीव आहे आणि हा ताम्रपट तिचे उत्तम उदाहरण ठरतो.

सात वर्षांतील सत्तांतर

‘यशस्तिलका’ची समाप्ती शके ८८१ मध्ये गंगधारा येथे झाली. त्या वेळी तेथे अरिकेसरीचा ज्येष्ठ पुत्र वागराज याची सत्ता होती, असे सोमदेव सांगतो. येथे उल्लेखिलेला अरिकेसरी हा दुसरा, म्हणजे पंपाचा आश्रयदाता. गंगधारा हे स्थान पूर्वीच्या करीमनगर जिल्ह्यात असून त्याच परिसरात कुरिक्याल येथे पंपाचा भाऊ जिनवल्लभ याचा संस्कृत, कन्नड आणि तेलुगू अशा तीन भाषांतील शिलालेख आहे.

शके ८८८ मध्ये मात्र परभणी ताम्रपटातील दाता हा बद्देगाचा पुत्र तिसरा अरिकेसरी आहे. ताम्रपटात पित्याचे नाव वद्यग असेही आले आहे. वागराज आणि बद्देग एकच की भाऊ, याविषयी अभ्यासकांत दोन मते आहेत. पहिले मत स्वीकारल्यास सात वर्षांत पित्याकडून पुत्राकडे एकदाच सत्ता गेली. दुसरे मत स्वीकारल्यास तेवढ्याच अवधीत तीन राजे झाले. कोणतेही मत ग्राह्य धरले तरी तिसऱ्या अरिकेसरीची राजवट इसवी सन ९५९ नंतर आणि ९६६ पूर्वी केव्हातरी सुरू झाली, हा निष्कर्ष बदलत नाही.

राजवटीची अखेर आणखी मोठ्या घडामोडींशी निगडित आहे. तिसरा कृष्ण ९६७ मध्ये मरण पावला. ९७२ मध्ये माळव्याचा परमार राजा सीयक याने राष्ट्रकूटांची राजधानी मान्यखेट लुटली. पुढच्याच वर्षी दुसरा तैलप याने शेवटचा प्रभावी राष्ट्रकूट राजा दुसरा कर्क याला पदच्युत करून कल्याणी चालुक्यांच्या सत्तेचा पाया घातला. ज्या सार्वभौमाच्या आश्रयाने वेमुलवाड्याचे सामंत उभे होते, तो आश्रयच नाहीसा झाल्यावर या घराण्याचे स्वतंत्र अस्तित्व लयास गेले. या दृष्टीने परभणी ताम्रपट हा मावळत्या व्यवस्थेचा दस्तऐवज आहे. तो लिहिणाऱ्यांना मात्र त्याची जाणीव असणे शक्य नव्हते. दान सूर्यचंद्र असेपर्यंत टिकावे, अशीच अशा प्रत्येक दानपत्रामागील अपेक्षा असे.

दानाचा तपशील

ताम्रपटाचा गद्य भाग हा त्याचा कायदेशीर गाभा आहे. अरिकेसरी येथे ‘समधिगतपंचमहाशब्द महासामंताधिपती’ म्हणून येतो. पंचमहाशब्द म्हणजे पाच प्रकारच्या मंगलवाद्यांचा गजर करविण्याचा मान. तो सम्राटाने सामंताला बहाल करावयाचा असे. राजधानीचे नाव लेंबुलपाटक असे दिले आहे. हे वेमुलवाड्याचेच संस्कृत रूप होय.

दान दिलेले गाव वनिकटुपुल हे असून ते सब्बि सहस्र या प्रदेशातील रेपाक द्वादश या गटात मोडत होते. सहस्र आणि द्वादश या संख्या अनुक्रमे हजार आणि बारा गावांच्या विभागांच्या निदर्शक आहेत. आजच्या परिभाषेत जिल्हा, मंडळ आणि गाव अशी उतरंड त्यातून दिसते. रेपाक हे गावाचे नाव वेमुलवाड्याच्या परिसरात आजही टिकून आहे. हजार वर्षांत सब्बि हा प्रदेशवाचक शब्द लुप्त झाला, राजघराणे लयास गेले, परंतु बारा गावांच्या गटाला नाव देणारे गाव राहिले. स्थलनामांचा अभ्यास राजवंशांच्या अभ्यासाइतकाच महत्त्वाचा का ठरतो, हे यावरून लक्षात यावे.

दानाचा हेतू ताम्रपटात नेमकेपणाने सांगितला आहे. अरिकेसरीचा पिता बद्देग याने राजधानीत ‘शुभधाम जिनालय’ बांधविले होते. त्याच्या भग्न भागांची दुरुस्ती, नव्याने चुनाकाम आणि पूजा-नैवेद्य यांसाठी गावाचे उत्पन्न देण्यात आले. दान ‘सर्वनमस्य’ म्हणजे सर्व करांपासून मुक्त होते आणि ते हातावर पाणी सोडून देण्यात आले. वेमुलवाडा येथील एका शिलालेखातही बद्देगाने सोमदेवासाठी जिनालय बांधविल्याची नोंद आहे. त्यामुळे पित्याने वास्तू उभारली आणि पुत्राने तिच्या देखभालीची तरतूद केली, हा क्रम दोन लेखांनी सिद्ध होतो. तिसऱ्या अरिकेसरीची निर्विवादपणे सांगता येणारी कृती कोणती, असा प्रश्न विचारल्यास त्याचे उत्तर हेच आहे : त्याने वडिलांच्या देवालयाला गाव लावून दिले. बिरुदांच्या गर्दीत ही कृती लहान वाटेल. परंतु बांधकामापेक्षा देखभालीसाठी कायम उत्पन्न लावून देणे राज्यव्यवस्थेच्या दृष्टीने अधिक कठीण असते; कारण त्यासाठी राजाला स्वतःच्या महसुलाचा एक भाग कायमचा सोडावा लागतो.

दानपात्र सोमदेवसूरी

हे दान ज्यांच्या हाती देण्यात आले, ते सोमदेवसूरी हे दहाव्या शतकातील संस्कृत वाङ्मयातील अग्रगण्य नाव आहे. ताम्रपटात त्यांची गुरुपरंपरा यशोदेव, नेमिदेव, सोमदेव अशी दिली असून ती ‘यशस्तिलका’शी जुळते. फरक एवढाच की काव्यात त्यांचा संघ देवसंघ म्हणून येतो, तर ताम्रपटात गौडसंघ म्हणून. ‘यशोधरचरित’, म्हणजेच यशस्तिलक, आणि ‘स्याद्वादोपनिषद’ या ग्रंथांचे कर्ते म्हणून ताम्रपटात त्यांचा गौरव आहे. दानपत्रात ग्रंथांची नावे नोंदवून ग्रंथकाराला मान देण्याचे असे उदाहरण विरळ आहे.

सोमदेवांचा दुसरा प्रसिद्ध ग्रंथ ‘नीतिवाक्यामृत’ हा राजनीतीवर असून त्यात बत्तीस प्रकरणे आहेत. धर्म, अर्थ आणि काम ही ज्याची फळे आहेत अशा राज्यालाच वंदन करून त्याचा आरंभ होतो. कौटिल्याच्या परंपरेत बसणारा हा ग्रंथ एका दिगंबर मुनीने लिहावा, ही बाब लक्षणीय आहे. राज्यसंस्थेवर सूत्रे रचणारा विचारवंत आणि त्याला गाव देणारा सामंत यांची गाठ या ताम्रपटात पडते. हंदिकी यांचा ‘यशस्तिलक’वरील इंग्रजी ग्रंथ १९४९ मध्ये सोलापूरच्या जैन संस्कृति संरक्षक संघाने प्रकाशित केला. सोमदेवांच्या अभ्यासाशी महाराष्ट्राचा संबंध त्यामुळे आधुनिक काळातही जोडलेला राहिला.

या दानाला धार्मिक पक्षपाताचे उदाहरण समजणे मात्र योग्य होणार नाही. ज्या तिसऱ्या कृष्णाचा अरिकेसरी सामंत होता, त्याचाच कऱ्हाड ताम्रपट गगनशिव या शैव आचार्याला दिलेल्या दानाचा आहे. वेमुलवाडा आज राजराजेश्वर या शिवमंदिरासाठी प्रसिद्ध आहे. राष्ट्रकूटकाळात शैव आणि जैन दोन्ही संस्थांना राजाश्रय मिळत होता; आणि सामंत त्या धोरणाला अनुसरून वागत होते, असे दिसते.

प्राप्तिस्थान आणि राज्याची सीमा

ताम्रपटाला ‘परभणी’ हे नाव प्राप्तिस्थानावरून मिळाले आहे. यावरून परभणीचा प्रदेश तिसऱ्या अरिकेसरीच्या राज्यात होता, असा निष्कर्ष काढण्याचा मोह होऊ शकतो. तो टाळला पाहिजे. दान दिलेले गाव वेमुलवाड्याच्या परिसरातील आहे आणि वेमुलवाडा ते परभणी हे सरळ रेषेतील अंतर सव्वादोनशे किलोमीटरहून अधिक भरते.

शिलालेख आणि ताम्रपट यांत या बाबतीत मूलभूत फरक आहे. मंदिराच्या भिंतीवरील शिलालेख सहसा जागा सोडत नाही. ताम्रपट हा हातात मावणारा मालकीहक्काचा दस्तऐवज असतो. दानपात्राचे वारस, शिष्य किंवा संस्था स्थलांतर करतात तेव्हा तो त्यांच्यासोबत जातो. वाकाटक राजा दुसरा विंध्यशक्ती याचा ताम्रपट वाशीम येथे मिळाला, परंतु त्यात दान दिलेले गाव नंदिकट म्हणजे नांदेडच्या विभागातील आहे. म्हणून ताम्रपटाचे प्राप्तिस्थान हा त्या दस्तऐवजाच्या पुढील प्रवासाचा पुरावा असतो. राज्याच्या सीमेचा पुरावा त्यातील गावांची नावे देतात.

मग परभणीचा या इतिहासाशी संबंध कोणता? जिंतूरजवळील नेमगिरी हे जैन क्षेत्र, चारठाणा आणि धारासूर येथील मंदिरे यांवरून गोदावरी खोऱ्याच्या या भागात मध्ययुगीन धर्मसंस्था नांदत होत्या, हे दिसते. हा प्रदेश मान्यखेट, बोधन आणि वेमुलवाडा या सत्ताकेंद्रांशी एकाच राष्ट्रकूट साम्राज्याने जोडलेला होता. भाषावार प्रांतरचनेनंतर १९५६ मध्ये मराठवाडा हैदराबाद राज्यातून वेगळा झाला आणि मराठी, कन्नड व तेलुगू प्रदेशांचे अभ्यासही आपापल्या राज्यांत विभागले गेले. परिणामी कन्नडचा आदिकवी, तेलंगणातील राजधानी आणि मराठवाड्यात सापडलेला संस्कृत ताम्रपट हे एकाच घराण्याच्या इतिहासाचे तीन भाग तीन भाषांतील अभ्यासकांकडे वाटले गेले. परभणीच्या विद्यार्थ्याला हा इतिहास समजून घ्यावयाचा असेल तर त्याला जिल्ह्याच्या आणि भाषेच्या सीमेपलीकडे पाहावे लागते.

समारोप

वरील विवेचनावरून पुढील बाबी स्पष्ट होतात. तिसरा अरिकेसरी शके ८८८ मध्ये वेमुलवाडा येथे राष्ट्रकूट सम्राटाचा सामंत म्हणून राज्य करीत होता, हे कालगणनेच्या आधारे निश्चित आहे. त्याची राजवट ९५९ नंतर सुरू झाली. त्याने पित्याच्या जिनालयाच्या देखभालीसाठी सोमदेवसूरींना एक गाव दिले. त्याची बिरुदे आजोबांकडून आलेली आहेत, त्यामुळे त्यांवरून त्याच्या पराक्रमाचे अनुमान करता येत नाही. परभणी हे ताम्रपटाचे प्राप्तिस्थान आहे. ते त्याच्या राज्याची सीमा दर्शवीत नाही.

मराठवाड्यात शेत नांगरताना, घराचा पाया खोदताना किंवा जुन्या वाड्याची पडझड होताना असे लेख आजही उजेडात येऊ शकतात. भूमिगत निधीविषयक १८७८ च्या कायद्यानुसार जमिनीत सापडलेल्या निधीची माहिती जिल्हाधिकाऱ्यांना देणे बंधनकारक आहे. कायद्याच्या जोडीला महाविद्यालयीन इतिहास विभागांनी गावोगावचे लेख, त्यांची प्राप्तिस्थाने आणि त्यांतील स्थलनामे यांची नोंद ठेवल्यास अशा साधनांचा उपयोग शास्त्रशुद्धपणे होऊ शकेल. शुभधाम जिनालयाच्या देखभालीसाठी एका राजाने दिलेले गाव त्या देवालयाला फार काळ पुरले नसेल. परंतु ते दान नोंदविणारा तांब्याचा पत्रा सुरक्षित राहिल्यामुळेच त्या राजाला आज इतिहासात स्थान मिळाले आहे.